गुपित २३१व्या पानापर्यंत कशाला ठेवायचं?

वाचकाचं पत्र, थोडक्यात:

"मी गोव्यातल्या फोंडा तालुक्यातली, शाळेत मराठी शिकवते. तीन वर्षं खपून एक कादंबरी लिहिली आहे. २४६ पानं, २२ प्रकरणं. गावात स्वातंत्र्यसैनिक म्हणून मान असलेल्या आबांनी १९५५ साली आपल्याच कुळागरातल्या (पोफळीच्या बागेतल्या) मांगरात (खोपटात) लपवलेल्या मित्राचं, शाबाचं, नाव पोर्तुगीज पोलिसांना सांगितलं होतं, हे त्यातलं गुपित. नातीला ते २३१व्या पानावर ट्रंकेत सापडलेल्या पत्रातून कळतं. तिघांना वाचायला दिली. एक म्हणाला, पन्नासाव्या पानालाच कळलं होतं. दुसरीला शेवटी फसवल्यासारखं वाटलं. तिसऱ्यानं सत्काराच्या प्रकरणापाशी सोडून दिली. आणखी एक अडचण म्हणजे गोष्ट बरीचशी आमच्याच घरची आहे. थोरले काका म्हणतात, घरातलं घरात राहू दे. टोपणनावानं छापू का? सोबत तिसरं, सतरावं आणि शेवटची दोन प्रकरणं पाठवते आहे."

ताई, सप्रेम नमस्कार.

तुमच्या तिन्ही वाचकांचं म्हणणं वेगवेगळं दिसतं, पण दुखणं एकच. ज्याला पन्नासाव्या पानाला कळलं तो पुढची १८० पानं तुमची वाट बघत बसला. जिला शेवटपर्यंत कळलं नाही तिला वाटलं, ही नात सगळं जाणून आपल्याशी लपाछपी खेळत होती. आणि सत्काराच्या प्रकरणात ज्यानं पुस्तक मिटलं, त्याला त्या भाषणांत काय जळतंय हे कुणी सांगितलंच नव्हतं. तुम्ही गुपित वाचकापासून लपवलंत. ते पात्रांनी एकमेकांपासून लपवायला हवं होतं, आणि वाचकानं ते बघायला हवं होतं.

बंद डबी शेवटच्या पानावर उघडायची, ही सवय आपल्याला रहस्यकथांनी लावली. तिथं ते चालतं, कारण खून कुणी केला एवढाच प्रश्न असतो आणि उत्तर मिळालं की पुस्तक संपतं. तुमचा प्रश्न तो नाही. १९५५ ते २०११, छप्पन्न वर्षं एका घरानं हे कसं सांभाळलं, त्यासाठी रोज कोण काय करत होतं, हा तुमचा विषय आहे. गुपित झाकून ठेवायला मेहनत लागते. ती मेहनत म्हणजेच तुमची कादंबरी, आणि आत्ता ती तुमच्या पानांत जवळजवळ नाहीच.

कर्णाच्या जन्माचं बघा. महाभारत ते आदिपर्वातच सांगून टाकतं. कर्णाला स्वतःला कळतं पाचव्या पर्वात, उद्योगपर्वात, आधी कृष्णाकडून आणि मग कुंतीकडून. आठव्या पर्वात तो मरतो. पांडवांना कळतं थेट अकराव्या, स्त्रीपर्वात, मेलेल्यांना पाणी देताना. मधली सगळी पर्वं आपल्याला माहीत आहे आणि अर्जुनाला नाही, या एका गोष्टीवर उभी आहेत. शस्त्रपरीक्षेच्या रंगमंडपात कर्ण आणि अर्जुन समोरासमोर येतात तेव्हा कुंतीला मूर्च्छा येते. व्यासांनी गुपित शेवटासाठी राखून ठेवलं असतं तर ती मूर्च्छा उन्हाची ठरली असती. आणखी एक बघा. कळल्यावर कर्ण कृष्णाला काय म्हणतो? हे युधिष्ठिराला सांगू नकोस. म्हणजे गुपित फुटल्यावर संपत नाही, त्याचा राखणदार बदलतो. ही दुसरी गोष्ट तुमच्या नातीसाठी जास्त कामाची आहे.

म्हणून पहिला बदल असा: आबांनी नाव सांगितलं हे नातीला आणि वाचकाला नवव्या प्रकरणात कळू द्या, शंभराव्या पानाच्या आगेमागे. त्याआधी नको, कारण पहिल्या आठ प्रकरणांत वाचकाचा आबांवर जीव जडायला हवा, नाहीतर कळून काय दुखणार? त्यानंतर नको, कारण पुढे नातीनं हे घेऊन जगायला पानं हवीत. आता तुमचं सतरावं प्रकरण वाचा. १९ डिसेंबर २०११, गोवा मुक्तीची पन्नास वर्षं, शाल-श्रीफळ, पाच भाषणं, चौदा पानं. आबांचा परिचय लिहून देण्याचं काम नातीकडं आहे. तुम्ही ते एका ओळीत सांगून पुढं गेलात. वाचकाला गुपित माहीत असेल तर हाच प्रसंग धगधगता होतो: 'मित्राला स्वतःच्या मांगरात आसरा देणारे' हे वाक्य तिनं लिहायचं की नाही, लिहिलं तर ते माईकवरून वाचलं जाताना शाबाची बायको तिसऱ्या रांगेत बसली आहे. भाषणं पाचाची दोन करा, पानं चौदाची सहा.

लिहायला बसण्याआधी एक तक्ता करा. मोठा कागद घ्या, आडव्या रांगेत २२ प्रकरणं, उभ्यात माणसं: आबा, आजी, आत्या, थोरला काका, शाबाची बायको, तिचा मुलगा, नात, आणि सगळ्यांत खाली वाचक. प्रत्येक घरात चारांपैकी एक खूण: माहीत नाही, संशय आहे, माहीत आहे, माहीत आहे पण दाखवत नाही. एक बैठक पुरे. मग लाल पेन्सिल घेऊन दुसरा थर चढवा: कुणाला माहीत आहे, हे कुणाला माहीत आहे? आजीला ठाऊक आहे हे आबांना ठाऊक आहे का? आत्याला संशय आहे हे आजीनं ओळखलंय का? तुमच्या चार प्रकरणांवरून असं दिसतं की या थराचा विचारच झालेला नाही, आणि खरं सोनं तिथंच आहे. एकाच छपराखाली दोघं जण एकच गोष्ट एकमेकांपासून लपवत असतील आणि दोघांनाही ती माहीत असेल, तर जेवणाच्या पानावरचा साधा 'मीठ वाढ'सुद्धा साधा राहत नाही. तक्त्यात सलग पाच-सहा प्रकरणं कुणाचीच खूण बदलत नसेल, तर तिथं कथा झोपलेली आहे असं समजा. तुमच्या तिसऱ्या वाचकानं पुस्तक जिथं मिटलं ती जागा बहुधा अशीच निघेल.

आबांच्या रांगेत मात्र घाईनं 'माहीत आहे' लिहू नका. शकुंतलेची गोष्ट दोन ठिकाणी दोन तऱ्हांनी येते. महाभारतात दुष्यंताला सगळं आठवतंय, तो दरबारात मुद्दाम नाकारतो. कालिदासानं दुर्वासाचा शाप आणि अंगठी आणली आणि राजाला खरोखरच विसरायला लावलं. शाप झाल्याचं चौथ्या अंकात फक्त दोघी सख्यांना आणि प्रेक्षकांना कळतं. नकार तोच, पण एकीकडं लबाड राजा आणि दुसरीकडं दुर्दैवी राजा. तुमचे आबा यांतले कोण? पन्नास वर्षं सत्काराची भाषणं ऐकून माणसाला आपलीच सुधारलेली आवृत्ती खरी वाटू लागते. तसे आबा लिहायचे असतील तर त्यांच्या तोंडची आठवण दर वेळी थोडी बदलली पाहिजे. एकदा पोलीस रात्री आले, एकदा पहाटे. एकदा शाबा झोपलेला होता, एकदा पेज पीत होता. नातीनं ते फक्त ऐकायचं, टिप्पणी करायची नाही.

आता खुणांकडं येऊ. तिसऱ्या प्रकरणात तुम्ही लिहिलंय: 'चतुर्थीला आजीनं पातोळ्यांचं ताट झाकून दिलं, ते मी शाबाच्या घरी पोचवून आले. का कोण जाणे, त्या घरात मला नेहमी काहीतरी गूढ वाटायचं.' पहिलं वाक्य अख्ख्या हस्तलिखितातलं सर्वांत मोलाचं आहे आणि दुसऱ्यानं त्याची माती केली आहे. 'गूढ' हा शब्द वाचला की वाचक कान टवकारतो. पन्नासाव्या पानाला ज्याला कळलं त्याला इथूनच सुगावा लागला. असं करून बघा:

'पातोळ्यांचं ताट घेऊन मी गेले. शाबाची बायको पडवीत वाती वळत होती. तिनं एकेक पातोळी काढून टोपलीत ठेवली आणि ताट तसंच माझ्या हातात दिलं. वाटेत पावसानं गाठलं म्हणून मी ताट डोक्यावर धरून पळत आले. आजीनं ते घेतलं, कोरडं करून फळीवर उभं केलं आणि म्हणाली, परकर बदल जा.'

यात 'रिकामं' हा शब्द नाही. पण आपल्याकडं शेजाऱ्याचं भांडं रिकामं परत पाठवत नाहीत, निदान गुळाचा खडा किंवा चिमूटभर साखर तरी घालतात, हे तुमच्या वाचकाला माहीत आहे. ते त्याच्या मनात कुठंतरी खटकतं आणि तो पावसाबरोबर पुढं पळतो. खूण अशी पेरायची: परिच्छेदाच्या मध्यभागी, कुठल्यातरी हालचालीला चिकटवून, आणि लगेच नजर दुसरीकडं वळवून. परिच्छेदाचं पहिलं आणि शेवटचं वाक्य ठळक असतं, तिथं ठेवलेली खूण ओरडते.

अशा तीन पुरे. पहिली हीच, विसाव्या ते तिसाव्या पानात. दुसरी साठाव्याच्या आसपास, आणि तिचं काम म्हणजे वाचकाला समाधानकारक पण चुकीचं कारण देणं. तुमच्या कथेत ते आयतं आहे: शाबाचं घर आबांच्या भाटात (माडांच्या बागेत), म्हणजे ते मुंडकार, दुसऱ्याच्या जमिनीवर घर करून राहणारे. १९७५ ला मुंडकार कायदा आला आणि घराच्या जागेवरून दोन घरांत बिनसलं, असं काका सांगतो. गोव्यातला कुठलाही वाचक मान डोलावेल, असली बिनसलेली घरं प्रत्येक गावात आहेत. तिसरी खूण नवव्या प्रकरणात, उलगड्याच्या दोन-तीन पानं आधी. आत्या सहज सांगते की लहानपणी ती ताट घेऊन जायची तेव्हाही ते तसंच परत यायचं, नि एकदा तिनं स्वतःच वाटेत चिंचा गोळा करून त्यात घातल्या, आजीला वाईट वाटू नये म्हणून. आत्याचं लहानपण म्हणजे १९६२ चं. कायद्याच्या तेरा वर्षं आधीचं. काकाचं कारण तारखेनंच खोटं पाडलं. वाचकाला हे गणित तुम्ही करून दाखवू नका, आत्याचं वय आधी कुठंतरी येऊन गेलेलं असलं की झालं.

या घडीला तुमच्याकडं खुणांऐवजी इशारे आहेत. पाठवलेल्या चार प्रकरणांत 'तेव्हा मला कुठं ठाऊक होतं' किंवा 'पुढं काय वाढून ठेवलंय' या जातीची नऊ वाक्यं सापडली. सगळी काढा. ती नुसती जुनाट आहेत म्हणून नव्हे, त्यांच्यामुळंच तुमच्या दुसऱ्या वाचिकेला फसवल्यासारखं वाटलं. जी नात 'तेव्हा ठाऊक नव्हतं' म्हणते तिला आता ठाऊक आहे, मग सांगत का नाही? प्रथमपुरुषी निवेदनाचा हा ठरलेला खड्डा आहे. त्यातून वाट एकच: निवेदिकेला त्या त्या दिवसाला बांधून टाका. जे दिसलं ते सगळं तिनं सांगायचं, ऐकलं ते सांगायचं. मागे वळून बघणारी नजर नवव्या प्रकरणापर्यंत बंद. त्यानंतर उघडली तर हरकत नाही, कारण तोवर वाचकही तिच्याइतकाच जाणता झालेला असेल.

ट्रंकेतलं पत्र. ते जाऊ द्या, ताई. चार पानी, १९५६ सालचं, आबांनी शाबाच्या बायकोला लिहिलेलं आणि कधीच न पाठवलेलं. पहिली गोष्ट, त्यात आबा तिला 'तुझा नवरा शाबा, जो माझा बालमित्र होता' असं सांगतात. ते तिला माहीत नव्हतं का? पत्र तिला नाही, वाचकाला लिहिलंय, आणि ते लगेच दिसतं. दुसरी गोष्ट, त्या काळात इथं छापील अक्षरावर इतकी नजर होती की लग्नपत्रिकासुद्धा सेन्सॉरखालून जायच्या. एकदा पोलिसांच्या हाती लागून सुटलेला माणूस नावानिशी कबुलीजबाब लिहून घरात ठेवील? तिसरी गोष्ट अगदी घरगुती आहे. आपल्याकडं वर्षाला शंभरेक इंच पाऊस. पत्र्याच्या ट्रंकेत पंचावन्न वर्षं राहिलेला कागद घडीवर फाटतो, गंजाचे डाग पडतात, कसर लागते. तुमचं पत्र मात्र 'जरा पिवळसर' झालंय. कागद हवाच असेल तर एक चिठ्ठी ठेवा, तीही पोर्तुगीजमध्ये, सरकारी, आणि अर्धी वाचता येणारी. नातीला पोर्तुगीज येत नाही. मग ती कुणाकडून तरी वाचून घ्यावी लागेल, पोर्तुगीज शाळेत सेगुंदु ग्राव (प्राथमिकची दुसरी पायरी) झालेल्या गावातल्या एखाद्या म्हाताऱ्या मास्तरांकडून. म्हणजे तिच्याआधी गुपित आणखी एकाला कळेल. तक्त्यात एक रांग वाढेल, आणि मास्तर वाचता वाचता कुठं थांबतात हा प्रसंग तुमच्या चार पानी पत्राहून कितीतरी वजनदार होईल.

पण कागदापेक्षा चांगला रस्ता गोव्यानं तुम्हाला फुकट देऊ केलाय, तो म्हणजे सह्या. आजी गेलेली आहे आणि काकाला कुळागर विकायचंय, हे तुमच्या एकविसाव्या प्रकरणात ओझरतं येतं. आपल्या कायद्यात लग्नाच्या वेळी वेगळा करार केला नसेल तर नवरा-बायकोची मालमत्ता सामाईक, निम्मी-निम्मी. आजी गेली की तिचा अर्धा भाग मुलांकडं जातो, मुलीला मुलाइतकाच. म्हणजे आबा हयात असूनही आत्याच्या आणि तिच्या नवऱ्याच्या सहीशिवाय व्यवहार होत नाही. इतरत्र कादंबरीकाराला दुरावलेल्या बहिणीला घरी आणायला कुणाचं तरी लग्न किंवा मयत योजावं लागतं. इथं नोटरी ते काम करतो. आत्या येते, कागद वाचते आणि म्हणते, शाबाच्या घराखालची जागा त्यांच्या नावावर करा, मग सही. का, असं काका विचारतो. ती आबांकडं बघते. हे प्रकरण नवव्या ठिकाणी न्या. एक सावधगिरी: तुमची गोष्ट २०११ ची, तेव्हा १८६७ ची पोर्तुगीज नागरी संहिताच लागू होती. नवा वारसा कायदा २०१२ चा आणि अमलात आला २०१६ साली, त्याचं नाव वकिलाच्या तोंडी घालू नका.

तारखांचंच निघालं म्हणून. तिसऱ्या प्रकरणातल्या आठवणीत शाबा ऑगस्ट १९५५ ला मांगरात बसून गुप्त रेडिओ ऐकतो. वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो यांचं ते भूमिगत केंद्र २५ नोव्हेंबर १९५५ ला सुरू झालं. एकतर त्याला डिसेंबरात पकडा, नाहीतर रेडिओ काढा. गोव्यात ही तारीख पाठ असलेले वाचक आहेत.

शेवटच्या प्रकरणात चौकीतल्या तीन रात्री नऊ पानांत येतात. मारहाण, प्रश्न, शेवटी नाव. हे कोण सांगतंय? नात तिथं नव्हती. आबा तर कुणाला बोललेले नाहीत. ही नऊ पानं पूर्ण काढा, आणि त्यांच्या जागी दुसरं काही लिहू नका. आबांना किती मारलं, त्यांनी पहिल्या रात्री सांगितलं की तिसऱ्या, की मारायच्या आधीच, हे कुणालाच कळता कामा नये. सगळं उघडं केलं तर वाचक निकाल देऊन मोकळा होतो: बिचारे, किंवा गद्दार. नवव्या प्रकरणात 'काय झालं' ते कळलं, 'कसं झालं' ते बंद राहिलं, तर उरलेली सगळी पानं तो नातीसारखाच आबांच्या हातांकडं बघत राहील. कुठलं गुपित उघडायचं आणि कुठलं नाही हे ठरवताना सोपी कसोटी अशी: ज्याच्या उत्तरानं कुणाला काही करावं लागतं ते उघडा, ज्याच्या उत्तरानं फक्त आपली उत्सुकता शमते ते राहू द्या.

आणि आबांची कबुली, येणारच असेल तर, कोंकणीत येऊ द्या. तुमच्या घरात बोलणं कोंकणी आणि कागद मराठी, तरी सगळी पात्रं प्रमाण मराठी बोलतात. एरवी वाचक ते चालवून घेईल. पण 'होय, ते नाव मीच पोलिसांना सांगितलं होतं, पोरी' हे वाक्य त्या म्हाताऱ्याच्या तोंडून निघणार नाही. 'नांव हांवें सांगलें.' तीन शब्द. पुढं पोरी नको, उद्गारचिन्ह नको, आणि लगेच दुसरं कुणीही बोलायला नको.

आता काका आणि छपाई. टोपणनावाचा उपयोग अनोळखी लोकांपुरता. १९३३ साली विभावरी शिरूरकर या नावानं 'कळ्यांचे निःश्वास' आलं तेव्हा ही बाई कोण यावरून महाराष्ट्रभर गदारोळ झाला, आणि ते नाव लेखिकेच्या कामी आलं, कारण त्या कथांतल्या मुली कुठल्याही गावच्या असू शकत होत्या. तुमच्या कादंबरीत एका गावातलं एक कुळागर, एक मांगर आणि एका माणसाचा सत्कार आहे. तुमच्या गावात पहिल्या दिवशी दुपारच्या जेवणाआधी सगळ्यांना कळेल, मुखपृष्ठावर काहीही छापा. टोपणनाव घ्यायचं तर हौसेनं घ्या, आडोसा म्हणून नको.

कायद्याचंही तसंच. 'सर्व पात्रे काल्पनिक' ही ओळ ढाल नाही. ओळखणाऱ्याला माणूस ओळखता आला की पुरे. भारतीय न्याय संहितेचं ३५६ वं कलम मृत व्यक्तीलाही लागू होऊ शकतं, जर लिहिलेलं तिच्या कुटुंबीयांच्या भावना दुखावण्याच्या हेतूनं असेल तर. आणि बदनामीच्या फौजदारी खटल्यात नुसतं 'खरं आहे' म्हणून भागत नाही, ते सांगणं लोकहिताचं होतं हेही दाखवावं लागतं. तुमच्याकडं तर खरं असल्याचा पुरावाही नाही, पत्रावरून वाटतं की सगळं ऐकीव आहे. खऱ्या माणसावर खबऱ्या असल्याचा ठपका ऐकीव माहितीवर ठेवू नये, तो गेलेला असला तरी. छापण्यापूर्वी वकिलाला दाखवा, पण त्याआधीचं काम तुमचंच.

ते काम असं. खऱ्या घटनेतल्या ओळखखुणांची यादी करा: गाव, देऊळ, जमीन, पकडलं ते ठिकाण, वर्ष, मुलांची संख्या, कुणाचं व्यंग, कुणाची नोकरी. प्रत्येकीसमोर लिहा, ही बदलली तर कथा मोडते का? बहुतेक बदलता येतील. कुळागराचं मिठागर होऊ शकतं, मित्राचा मेहुणा होऊ शकतो, आणि आबांचा सत्कार सरकारी न होता देवळाच्या जत्रेतल्या नाटकाच्या मध्यंतरात होऊ शकतो, जो मला तर अधिक आवडेल. नुसती नावं बदलून शाबाचा बाबा करणं म्हणजे बदल नव्हे. जी एकच गोष्ट बदलली की कादंबरी कोसळते ती ठेवा. माझ्या अंदाजानं ती गोष्ट म्हणजे रिकामं ताट. ते तुमच्या खऱ्या घरातलं असेल तर मात्र शाबाच्या खऱ्या घरच्यांनाही विचारावं लागेल, ते गुपित निम्मं त्यांचं आहे.

काकांकडं अख्खं हस्तलिखित देऊन येऊ नका. माणूस २४६ पानांत फक्त स्वतःला शोधतो आणि चौथ्या पानावर चिडतो. त्यांच्याशी संबंधित पंधरा-वीस पानं निवडा, समोर बसून वाचून दाखवा. ते तीन तऱ्हेचं बोलतील. 'असं नव्हतं, तसं होतं' हे लिहून घ्या, त्यातलं बरंच तुम्हाला नव्यानं कळेल. 'हे अमक्याच्या आजारपणाचं काढून टाक' म्हणाले तर जिवंत माणसाची खासगी बाब म्हणून विनातक्रार काढा. आणि 'लिहूच नकोस' म्हणाले तर का ते विचारा आणि गप्प बसा. त्यांना भीती लोकांची आहे की वडिलांबद्दल आपलंच मत बदलेल याची, हे त्या गप्प बसण्यात कळेल. मध्ये एक-दोन आठवडे जाऊ द्या, मग दुसऱ्यांदा जा. जमलं तर चतुर्थीच्या महिनाभर आधी. चतुर्थीत घर भरलेलं असतं आणि भरल्या घरात कुणी खरं बोलत नाही.